बाहुलीचा स्वभाव बदलला!

गेल्या दिवाळीतली गोष्ट. वसुबारसेचा दिवस होता. स्वयंपाकघरात चकल्यांचा घाणा चालू होता. खाली आवारात सोसायटीतली मुले किल्ल्यासाठी माती कालवीत होती. त्यांनी मला दोनदा हाक मारली होती आणि दोन्ही वेळा ती ऐकूच आली नाही असे दाखवून मी आपल्या खोलीत, दार लोटून, वर्तमानपत्राची पुरवणी वाचीत पडलो होतो. तोच बाहेरच्या खोलीतून आमच्या नातीचा आवाज आला :

"आजोबा, लवकर या! तुमचा स्वभाव बदलतोय!"

वयाच्या एकाहत्तराव्या वर्षी असली हाक कानी पडली म्हणजे माणूस थोडासा गडबडतोच. चष्मा सावरीत मी बाहेर आलो. तेरा वर्षांची आमची नात संगणकापुढे बसली होती आणि पडद्यावर एक टुमदार घर दिसत होते. घरात छोटी छोटी माणसे हिंडत होती. कुणी स्वयंपाक करीत होते, कुणी पुस्तक वाचीत होते. जरा निरखून पाहिले तर ते आमचेच बिऱ्हाड! सूनबाई, चिरंजीव, आमच्या सौभाग्यवती, आणि कोपऱ्यातल्या खुर्चीत पांढऱ्या केसांचा एक गृहस्थ.

"हे तुम्ही," नात म्हणाली. "प्रत्येकाला तीन गुण द्यायचे असतात. तुम्हाला मी दिले टापटीप, पुस्तकी किडा आणि एकलकोंडा."

पहिले दोन गुण ऐकून बरे वाटले. तिसरा मात्र टोचला. पण तेवढ्यात तिने पडद्यावरच्या एका चौकटीकडे बोट दाखवले. चौकटीतल्या इंग्रजी मजकुराचा भावार्थ असा होता : हे गृहस्थ हल्ली माणसांत रमू लागले आहेत, तेव्हा त्यांचा एकलकोंडेपणा जाऊ द्यावा काय?

"काय करू, आजोबा? हो म्हणू की नको?"

"थांब जरा," मी म्हणालो, आणि विचारात पडलो. बाहुलीचा स्वभाव बदलतो म्हणजे काय? तो कुणी बदलवला? आणि मुळात लाकडामातीची म्हणा, विजेच्या ठिपक्यांची म्हणा, बाहुली ती बाहुलीच. तिने अचानक बदलावे असे कुणाला का वाटावे? त्यानंतरचे काही महिने या खेळाचा इतिहास धुंडाळण्यात गेले. हाती जे लागले ते इतके मौजेचे निघाले, की वाचकांपुढे ठेवल्यावाचून राहवत नाही.

आगीतून निघालेली भातुकली

या खेळाचे नाव 'द सिम्स'. याचा जनक विल राइट हा अमेरिकन गृहस्थ. १९८९ साली त्याने 'सिमसिटी' नावाचा खेळ काढला. त्यात खेळणाऱ्याने नगररचनाकार होऊन रस्ते, वीज, कारखाने यांची आखणी करावयाची आणि शहर कसे वाढते ते पाहावयाचे. खेळ गाजला, पैसा मिळाला आणि कॅलिफोर्नियातील ओकलंडच्या टेकड्यांवर राइटचा संसार सुखाने चालला होता.

ऑक्टोबर १९९१ मध्ये ओकलंड आणि बर्कली या जोडशहरांमागच्या टेकड्यांवर वणवा पेटला. पंचवीस माणसे दगावली. सुमारे तीन हजार घरे जळून खाक झाली, त्यांत राइटचेही घर होते. माणसे वाचली, पण सामान गेले. पुढे नव्याने घर मांडताना त्याच्या मनात एक विचार घोळू लागला : आपण एवढ्या वस्तू जमवतो त्या नेमक्या कशासाठी? कोणत्या वस्तूवाचून अडते आणि कोणत्या वस्तूवाचून मुळीच अडत नाही? आपल्याकडे नदीच्या पुरात किंवा आगीत ज्यांचे घर गेले आहे त्यांना हा प्रश्न समजावून सांगण्याची गरज नाही.

या विचारातून त्याने एक खेळ कल्पिला. तो मुळात वास्तुशिल्पाचा होता. खेळणाऱ्याने घर बांधावे आणि ते चांगले की वाईट याचा निवाडा त्यात राहणाऱ्या इवल्या माणसांनी करावा, एवढीच मूळ कल्पना. पण काम करता करता राइट आणि त्याचे सहकारी यांना दिसून आले की घरापेक्षा माणसेच पाहत बसावीशी वाटतात! मग घर मागे पडले आणि माणसे पुढे आली. कंपनीत या योजनेला 'बाहुलीघर' म्हणत. संचालक मंडळींना ती रुचली नाही. घर झाडणे, भांडी घासणे आणि कचरा टाकणे हा काय खेळ झाला, असे त्यांना वाटले असल्यास नवल नाही. पण आपल्या घरच्या मुलींनी पिढ्यान् पिढ्या बोळकी, चूल आणि चिंध्यांची बाहुली घेऊन हाच खेळ मांडला आहे, हे त्यांना कोण सांगणार!

१९९७ साली राइटची मॅक्सिस ही कंपनी इलेक्ट्रॉनिक आर्ट्स या मोठ्या कंपनीने विकत घेतली आणि फेब्रुवारी २००० मध्ये 'द सिम्स' बाजारात आला. दोनच वर्षांत, २००२ साली, संगणकावरच्या तोवरच्या सर्व खेळांचा खपाचा उच्चांक त्याने मोडला. जगाने भातुकलीला असा कौल दिला.

फ्रीज हाक मारतो

ही बाहुली चालते कशी? यात एक मोठी खुबी आहे. वाचकांना वाटेल की बाहुलीच्या डोक्यात पुष्कळ अक्कल भरलेली असावी. तसे मुळीच नाही. अक्कल भरली आहे ती वस्तूंत!

प्रत्येक सिमला मूळ खेळात आठ गरजा होत्या : भूक, आराम, स्वच्छता, शौच, झोप, करमणूक, सहवास आणि खोलीची नीटनेटकी अवस्था. आता घरातली प्रत्येक वस्तू सतत एक जाहिरात करीत असते. फ्रीज म्हणतो, "माझ्याकडे या, भूक भागवीन." पलंग म्हणतो, "इकडे या, थकवा घालवीन." दूरदर्शन संच म्हणतो, "मी मन रमवीन." जशी मंडईत भाजीवाल्यांची आरोळी, तशीच ही. भुकेल्या सिमला फ्रीजची हाक मोठी ऐकू येते, पेंगुळलेल्याला पलंगाची. प्रत्येक हाकेला आज्ञावली गुण देते आणि सिम त्या दिशेला जातो.

मात्र इथे राइटच्या मंडळींना एक अडचण आली. सिम नेहमी सर्वांत मोठ्या हाकेलाच ओ देऊ लागला तर तो यंत्रवत् वागतो. सकाळी उठला, न्हाला, जेवला, कामाला गेला. एकही चूक नाही! असा माणूस शेजारी असला तर उत्तम, पण पाहायला कंटाळवाणा. शिवाय तो स्वतःचे सारे स्वतःच करू लागला तर खेळणाऱ्याने काय करावे? तेव्हा त्यांनी त्याला मुद्दाम थोडे बिघडवले. सर्वांत वरच्या चार-दोन हाकांपैकी कोणतीही एक त्याने चिठ्ठी टाकून निवडावी, असे ठरवले. मग कधी भूक लागली असताना तो गप्पा मारीत बसे, कधी झोप अनावर झाली असताना दूरदर्शन पाही. आणि ताबडतोब तो आपल्यासारखा दिसू लागला!

शहाणपणात थोडी वेडगळपणाची चिमूट पडल्याशिवाय बाहुलीत जीव येत नाही, हा पहिला धडा.

लग्नातल्या पाहुण्यांचा प्रताप

दुसरा धडा अपघातानेच मिळाला. १९९९ साली लॉस एंजेलिस येथे व्हिडिओ खेळांचे मोठे प्रदर्शन भरले. 'द सिम्स'ची वानगी तेथे दाखवावयाची होती. एका प्रसंगात लग्नसमारंभ होता. वधूवरांच्या हालचाली आधी बसवून ठेवल्या होत्या, पण वऱ्हाडी मंडळींच्या हालचाली बसवायला वेळ उरला नाही. तेव्हा पाहुण्यांना आपल्या मर्जीवर सोडून देण्यात आले.

प्रदर्शनाच्या पहिल्याच दिवशी, वार्ताहरांच्या देखत, पाहुण्यांतल्या दोन स्त्रिया एकमेकींकडे ओढल्या गेल्या आणि त्यांनी चुंबन घेतले. असा प्रसंग दाखवावा असे कंपनीत कुणीच ठरवले नव्हते. स्त्रीपुरुष असा भेद न करता प्रेम जुळू द्यावे, अशी तरतूद पॅट्रिक बॅरेट या तरुण प्रोग्रामरने केली होती, ती तेवढी आत होती. सोडलेले पाहुणे तिच्या आधारे आपल्या वाटेने गेले. बघणारे थक्क झाले आणि प्रदर्शनभर याच खेळाची चर्चा सुरू झाली.

विचार करा. त्या प्रदर्शनात धडाधड बंदुका उडत असतील, मोटारी पळत असतील. पण लोकांच्या नजरेत भरली ती दोन बाहुल्यांची अशी एक कृती, जी त्यांच्या कर्त्यालाही ठाऊक नव्हती. बाहुली सांगितल्याबाहेरचे काही करू लागली की पाहणारा खुर्चीत पुढे सरकून बसतो.

स्वभावाचा साचा

आता स्वभावाकडे वळू. पहिल्या खेळात स्वभाव म्हणजे पाच मापे होती : टापटीप, मनमोकळेपणा, चपळाई, खेळकरपणा आणि चांगुलपणा. एकूण पंचवीस गुण मिळत, ते या पाच डब्यांत वाटावयाचे. भाजी निवडल्यासारखा स्वभाव निवडावा, आणि तो जन्मभर तसाच!

२००४ साली 'द सिम्स २' आला. त्यात माणसे जन्मू, वाढू आणि म्हातारी होऊ लागली. आईचे डोळे आणि बापाचे नाक मुलाकडे येऊ लागले. प्रत्येकाला इच्छा आणि भीती असे. एखाद्याच्या इच्छा सारख्या मोडत गेल्या आणि तो निराशेच्या तळाशी पोहोचला, की त्याच्या मदतीला एक मानसोपचारतज्ज्ञ आभाळातून थेट खाली पडे! २००९ च्या तिसऱ्या खेळात पाच मापे गेली आणि स्वभावविशेषांची मोठी यादी आली. त्यातून पाच निवडावयाचे. २०१४ च्या चौथ्या खेळात ते तीनच उरले, पण आनंद, राग, दुःख अशा भावनांचे रंग चढले.

एवढे होऊनही एक उणीव राहिली. भावना घटकेत येत आणि घटकेत जात, पण मूळ स्वभाव हलत नसे. तापट माणूस विशीत तापट आणि सत्तरीतही तापट. मध्ये त्याचे लग्न झाले, मुले झाली, बायको वारली, नातवंडे मांडीवर आली, तरी ढिम्म! बदलावयाचाच असेल तर खेळातले गुण खर्चून स्वभाव पालटणारा एक घुटका विकत मिळे. तो पाजावा, की स्वभाव नवा. थोडक्यात, खेळणारा बदलील तेव्हाच बाहुली बदलणार. जुन्या खेळाडूंना याचा कंटाळा येणे साहजिक होते. ज्याचे पुढचे पाऊल आपणच टाकावयाचे, त्याच्या गोष्टीत "पुढे काय?" हा प्रश्नच उरत नाही. तेव्हा स्वभाव आपणहून, अवचित बदलावेत, अशी हौस निर्माण झाली. काही हौशी मंडळींनी तर खेळाला जोडावयाच्या पुरवण्या स्वतःच लिहिल्या.

फासा टाकून स्वभाव

यातला सर्वांत सोपा उपाय म्हणजे फासा. समजा, शंभर तोंडांचा एक फासा आहे. प्रत्येक सिमसाठी दररोज तो टाकावा आणि एक आला तर त्याचा एक गुण बदलावा. हे काम संगणक डोळ्याचे पाते लवण्याच्या आत करतो.

शंभरात एक म्हणजे फारच थोडे, असे वाटेल. पण हिशेब करून पाहा. या खेळात एका बिऱ्हाडात जास्तीत जास्त आठ माणसे ठेवता येतात. आठांसाठी रोज फासा टाकला, तर सरासरी दर बारा-तेरा दिवसांनी घरातल्या कुणाचा ना कुणाचा स्वभाव बदलणार. एकच माणूस धरला तरी सत्तर दिवसांच्या आत तो बदलण्याची शक्यता निम्मी. बाहुलीचे दिवस आपल्या घड्याळात काही मिनिटांचे असतात. म्हणजे एका पावसाळी रविवारी पाहता पाहता अख्खे घर वेगळे! काल आईला जीव लावणारा मुलगा आज तिच्यावर डाफरतो, उद्या संन्यासी वृत्तीचा होतो, आणि परवा चोरी करतो.

पहिल्या दिवशी याची गंमत वाटते. चौथ्या दिवशी कळते की हे कुणी माणूस नसून नुसता फासाच आहे. त्याच्याशी नाते कसे जोडावे? आपण फाशावर रागावतो, पण त्याच्यासाठी रडत नाही. जुलै २०२२ मध्ये 'द सिम्स ४'मध्ये केलेल्या एका सुधारणेनंतर काही खेळाडूंच्या बाहुल्या भराभर वयस्क होऊ लागल्या. आजचे मूल उद्या मोठे! हासुद्धा अवचित बदलच होता. पण कुणी त्याला नाट्य म्हटले नाही. सर्वांनी त्याला बिघाड म्हटले आणि कंपनीला तो दुरुस्त करावा लागला.

फाशाला त्याची जागा आहे, नाही असे नाही. टायनन सिल्व्हेस्टर यांच्या 'रिमवर्ल्ड' या खेळात, दूरच्या ग्रहावर अडकलेल्या माणसांवर संकटे कोणत्या क्रमाने यावीत हे ठरवणारे तीन सूत्रधार आहेत आणि खेळणाऱ्याने त्यांतला एक निवडावयाचा असतो. त्यांतला रॅंडी रॅंडम हा शुद्ध लहरी. तो आज धान्याचा वर्षाव करील, उद्या दरोडेखोर धाडील. पण लक्षात घ्या, हा लहरीपणा दैवाचा आहे. पाऊस लहरी असला तर आपण तो सोसतो. माणूस तितकाच लहरी निघाला तर आपण त्याच्याकडे जाणे सोडतो.

वाल्याचा वाल्मीकी कसा झाला?

आपल्याकडे स्वभाव बदलण्याची सर्वांत थोर कथा वाल्या कोळ्याची. वाटसरूंना लुटणारा, पापाचे खडे रांजणात टाकून मोजणारा हा माणूस एके दिवशी ऋषी होण्याच्या वाटेला लागतो. याहून अवचित बदल कोणता? पण कीर्तनात ही कथा ऐकताना कुणी उठून "हे कसे शक्य आहे?" असे विचारीत नाही. कारण मध्ये एक प्रसंग आहे. नारद त्याला घरी पाठवतात आणि वाल्या बायकोमुलांना विचारतो, "माझ्या पापात तुम्ही वाटेकरी आहात ना?" ती म्हणतात, "नाही." त्या एका नकाराने सारे फिरते. वाल्याचा वाल्मीकी जर शंभर तोंडांच्या फाशाने झाला असता, तर बुवांच्या आरतीत कुणी दमडी टाकली नसती!

खेळ रचणाऱ्यांनाही हीच गोष्ट आपल्या वाटेने कळत गेली. बदल अवचित असावा, पण अकारण नसावा. आधी ओळखता येऊ नये आणि नंतर मात्र "अरे, बरोबर, त्या दिवसापासूनच हा असा झाला" असे वाटावे.

हे यंत्रात कसे आणावे? एक मार्ग आठवणींचा. टार्न आणि झॅक ॲडम्स या अमेरिकन भावांचा 'ड्वार्फ फोर्ट्रेस' हा खेळ २००६ साली प्रथम लोकांपुढे आला. न्यूयॉर्कच्या आधुनिक कला संग्रहालयाने तो २०१२ साली आपल्या संग्रहात घेतला. यात डोंगर पोखरून राहणारे बुटके लोक आहेत. प्रत्येक बुटक्याच्या स्वभावाला अनेक पैलू आणि त्याच्या मनात आठवणींची एक वही. मित्राचा मृत्यू, मुलाचा जन्म, हातून घडलेली सुरेख कलाकृती, असे तीव्र प्रसंग त्या वहीत उतरतात. मग केव्हातरी, पुष्कळ दिवसांनी, त्याला जुना प्रसंग आठवतो. आठवण पुन्हा आली की दुःख पुन्हा होते, आणि एखाद्या वेळी त्या आठवणीने स्वभावाचा एखादा पैलू कायमचा सरकतो. धीट बुटका भित्रा होतो, किंवा कठोर बुटका हळवा. फासा इथेही आहेच, पण तो आठवणीच्या मागून चालतो.

दुसरा मार्ग सवयींचा. 'द सिम्स ४'मध्ये २०२१ च्या अखेरीस आणि २०२२ मध्ये अशी सोय झाली की शेजारची बिऱ्हाडे आपल्या नकळत नोकरी बदलू लागली, मूल दत्तक घेऊ लागली, घर सोडून जाऊ लागली. मार्च २०२३ मध्ये कौटुंबिक जीवनावरची एक पुरवणी निघाली आणि तिच्यात 'स्वतःचा शोध' नावाची नवी योजना आली. बाहुली काय करते, कशात रमते, कशाने दुखावते, यावर आज्ञावली नजर ठेवते आणि एके दिवशी अवचित विचारते : यात बदल होऊ पाहतो आहे, होऊ द्यावा काय? पन्नाशीच्या आसपास काही बाहुल्यांना येतात तसले आयुष्याचे झटकेही याच पुरवणीत आहेत. आमच्या नातीच्या पडद्यावर उगवलेली चौकट ती हीच.

हौशी टीकाकारांना हा प्रश्न विचारणे पसंत नाही. स्वभाव का कधी परवानगी मागून बदलतो, असे ते म्हणतात. रचणाऱ्यांचीही बाजू आहे. एखादीने महिनोन् महिने जपलेली बाहुली तिला न विचारता पालटून टाकली तर तो तिच्या भातुकलीवर पाय दिल्यासारखेच झाले. एका बाजूला बाहुलीचे स्वातंत्र्य आणि दुसऱ्या बाजूला तिला घडवणारीची माया. हा वाद खेळापुरता राहत नाही. मुलगा घरचा धंदा सोडून नाटकात जातो म्हणाला त्या दिवशी तो पुष्कळ घरांत झालेला आहे.

याच्याही पुढची पावले पडत आहेत. २०२३ साली स्टॅनफर्ड विद्यापीठातील संशोधकांनी, 'द सिम्स'पासूनच स्फूर्ती घेऊन, पंचवीस पात्रांचे एक गाव संगणकात वसवले. प्रत्येक पात्राला त्यांनी भाषा जाणणारे यंत्र जोडले आणि आठवणींची नोंदवही दिली. एका पात्राला मेजवानी द्यावीशी वाटते, एवढेच त्यांनी सांगून ठेवले. पात्रांनी ती बातमी एकमेकांच्या कानी घातली, सोबत येण्यासाठी एकमेकांना विचारले, आणि काही मंडळी ठरल्या वेळी हजर झाली. इथेही कळ तीच : पात्र बोलू लागले ते यंत्रामुळे, पण माणूस वाटू लागले ते आठवणींमुळे.

आणि आपण?

बाहुल्यांचे झाले. हाडामांसाच्या माणसांचे काय? विल्यम जेम्स या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाने १८९० साली असे मत मांडले की तिशी उलटली की बहुतेकांचा स्वभाव गिलाव्यासारखा घट्ट बसतो आणि पुन्हा मऊ होत नाही. आपल्याकडेही स्वभावाला औषध नाही असे म्हणण्याची रीत आहेच.

पण पुढे संशोधकांनी एकाच माणसाची वर्षानुवर्षे पुन्हा पुन्हा पाहणी करण्याची पद्धत धरली, तेव्हा चित्र निराळे दिसले. ब्रेंट रॉबर्ट्स आणि त्यांचे सहकारी यांनी २००६ साली अशा ब्याण्णव पाहण्यांचा एकत्र विचार केला. विशी ते चाळिशीत माणसे सामान्यतः अधिक जबाबदार आणि मनाने अधिक स्थिर होत जातात. त्यानंतरही बदल थांबत नाही. आणि मजा अशी की इतरांशी जुळवून घेण्याची वृत्ती वाढलेली आढळली ती पुढच्या वयातच!

त्याहून मार्मिक निष्कर्ष २०१३ साली 'सायन्स' या नियतकालिकात आला. क्वाडबाख, गिल्बर्ट आणि विल्सन या तिघांनी अठरा ते अडुसष्ट वयाच्या एकोणीस हजारांहून अधिक लोकांना विचारले : गेल्या दहा वर्षांत तुम्ही किती बदललात, आणि येत्या दहा वर्षांत किती बदलाल? जवळजवळ सगळ्या वयांच्या लोकांचे उत्तर एकाच सुराचे होते. मागे पुष्कळ बदललो, पुढे फारसे बदलणार नाही. वीस वर्षांचा हेच म्हणतो आणि साठ वर्षांचाही हेच म्हणतो. प्रत्येकाला वाटते की आपली मूर्ती आज पुरी झाली, आता फक्त रंग वाळावयाचा आहे.

आणि स्वतःबद्दल जे वाटते तेच घरच्यांबद्दल. "त्यांना गर्दी नाही आवडत, त्यांना नका बोलावू." "तिला काय कळतंय हिशेबातलं!" "हा लहानपणापासूनच हट्टी." अशी वाक्ये घरोघर रोज बोलली जातात. त्यांत दुष्टावा नसतो, उलट माया असते. पण प्रत्येक वाक्याने समोरच्या बाहुलीचे तीन गुण आपण पुन्हा एकदा पक्के करीत असतो.

आता वसुबारसेच्या त्या सकाळकडे परत येतो. मी विचारात पडलो आहे आणि नात बोट उचलून थांबली आहे, इथवर सांगितले होते. माझा विचार काही संपेना, तेव्हा तिने आपल्या मनाने कळ दाबली.

"काय केलंस?" मी विचारले.

"नको म्हटलं."

"का गं?"

"तो एकलकोंडेपणा गेला ना, तर मग ते तुम्ही वाटणारच नाहीत, आजोबा!"

ती अगदी सहज म्हणाली आणि पुन्हा खेळात बुडाली. पडद्यावरचा पांढऱ्या केसांचा गृहस्थ चार पाहुणे बसले होते तिथून उठला आणि आपल्या खोलीत जाऊन पुस्तक उघडून बसला. स्वयंपाकघराच्या दारातून सौभाग्यवतींनी माझ्याकडे एकदा पाहिले. त्या काही बोलल्या नाहीत, पण चकलीचा सोऱ्या थोडा वेळ थांबलेला मला दिसला.

मी वहाणा पायात सरकवल्या.

"अहो, कुठे निघालात? चहा टाकतेय," आतून आवाज आला.

"खाली. मुलांनी बोलावलं होतं."

खाली मुलांनी बुरूज तटाच्या आतल्या बाजूला बांधला होता. मी म्हणालो, "अरे, बुरूज बाहेर काढा, नाही तर तटाला भिडलेला शत्रू दिसायचा कसा?" त्यांनी माझ्या हातात मातीचा गोळा दिला. अर्ध्या तासाने वर पाहिले तर गॅलरीत नात उभी होती, तोंडावर हात ठेवून.

खेळातला तो आजोबा अजून एकलकोंडाच आहे, असे तिच्याकडून कळते. पण ती चौकट पुन्हा कधी उगवली, तर या खेपेला नीट विचार करीन, असे तिने मला आश्वासन दिले आहे.